पांजरपोळीपासून घरच्या गोळीपर्यंत

घरी कुत्र्याला औषध देणे हे नव्या काळाचे लाड वाटतात. पण त्यामागे जुना झगडा आहे.

कंपनी सरकारच्या काळात मुंबईत उन्हाळ्यात बेवारस कुत्री मारत. त्याविरुद्ध जून १८३२ मध्ये पारशी रस्त्यावर उतरले. हिंदू-जैनही त्यांच्या सोबत होते. १८३४ मध्ये जमशेटजी जीजीभॉय आणि आपले मोतीशा शेठ यांच्या पुढाकाराने भुलेश्वरची पांजरपोळ सुरू झाली. जनावरांना आसरा मिळाला. परळचे बाई साकरबाई इस्पितळ आले १८८० च्या दशकात.

मनोरीहून परळ म्हणजे आधी मार्वेची फेरीबोट, मग मालाडहून लोकल. म्हातारा काळू रोज कसा नेणार? म्हणून डॉक्टरांनी लिहून दिलेली गोळी मी घरीच देते, तुपाने माखलेल्या पोळीच्या घासात. मग हळूच गळा चोळते, गिळली ना ते पाहते. आपल्या स्वयंपाकात कांदा-लसूण नसतो, ते बरेच; दोन्ही कुत्र्याला घातक. माणसांची पॅरासिटामॉल मनाने कधीच देऊ नका.

माझा चौविहार असला तरी काळूची रात्रीची गोळी चुकत नाही. जीव वाचवला की पुढे त्याचे दुखणेही आपलेच.