खांबाचें भाडें

मार्कंड्यास जाणाऱ्या यात्रेकरूची दृष्टि वैनगंगेकाठच्या देवळांवर खिळते. वाटेवरच्या विजेच्या खांबांकडे तो ढुंकूनहि पाहत नाहीं, आणि तें स्वाभाविकच आहे. परंतु या मुलखांतील तारेच्या इतिहासाचें एक जुनें पान रक्तानें माखलेलें आहे, हें फार थोड्यांस ठाऊक असेल. हीच वैनगंगा पुढें वर्धेस मिळून प्राणहिता होते. तिच्या काठीं चिंचगुंडी येथें २९ एप्रिल १८५८ च्या रात्रीं बापूराव शेडमाके यांच्या लोकांनीं तारखात्याच्या तळावर हल्ला केला व गार्टलंड आणि हॉल हे दोन गोरे नोकर मारले गेले. त्याच वर्षीं २१ ऑक्टोबर रोजीं बापूरावांस चांद्यास फांशी देण्यांत आलें. बंड परकी सत्तेविरुद्ध होतें, तारेविरुद्ध नव्हे. परंतु कोणाच्या भूमीवरून तार कोणाच्या हक्कानें न्यावयाची, या प्रश्नास सत्तेनें दिलेलें उत्तर सत्तावीस वर्षांनीं कायद्याच्या पुस्तकांत आलें.

१८८५ च्या तारयंत्र-कायद्याच्या दहाव्या कलमानें सरकारी तारखात्यास दुसऱ्याच्या जमिनीवर खांब रोवण्याची मुभा दिली. खात्याकडे मालकी जात नाहीं. मिळतो तो केवळ वापराचा हक्क, आणि नुकसान झाल्यास भरपाई द्यावी लागते. भाड्याची गोष्ट त्यांत नाहीं. १९१० च्या वीज-कायद्यानें हेच अधिकार वीज पुरविणाऱ्यांसहि देण्याची सोय झाली, व २००३ च्या कायद्याचें १६४ वें कलम त्याच वाटेनें जातें. २०१३ सालीं तारसेवाच बंद झाली. तारयंत्राच्या नांवानें दिलेला हक्क मात्र विजेच्या खांबांत उभा राहिला.

आतां गंमत पाहावी. ज्यानें दुसऱ्याच्या धानाच्या बांधीत भाड्यावांचून खांब रोवला, तोच त्या खांबावर तिसऱ्यानें तार टांगली कीं भाडें मागतो. आणि बांधीच्या धन्याचें नांव त्या व्यवहारांत कोठेंच येत नाहीं. १९९० नंतर दूरचित्रवाणीची केबल गल्लोगल्लीं आली. १९९५ च्या कायद्यानें केबलचालकांस नोंदणी आवश्यक झाली. स्वतःचे खांब उभारणें त्यांस परवडेना, विजेचे खांब आयतेच होते. केरळांत राज्य विद्युत्-मंडळ व केबलचालक यांच्यामध्यें या भाड्यावरून तंटे माजले.

वीजकंपनीची बाजू अगदींच लंगडी आहे असें नव्हे. खांब तिच्या पैशाचा, वाकला तर सरळ करावयाचा तिनें, आणि केबलच्या गुंतवळ्यांतून वाट काढीत वर चढावयाचें तें तिच्या लाइनमनने. शिवाय २००३ च्या कायद्याचें ५१ वें कलम अशा जोडधंद्याच्या उत्पन्नाचा कांहीं भाग वीजवहनाचे दर उतरविण्याकडे लावावयास सांगतें.

अमेरिकेंत हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९८२ च्या लोरेटो खटल्यांत न्यूयॉर्कमधील एका घरमालकिणीच्या इमारतीवर केबल बसविण्याबद्दल तिला मिळणार होता एक डॉलर. जागा कितीहि अल्प असो, कायमची व्यापली तर तें मालमत्ताहरणच, असें न्यायालयानें ठरविलें. पांच वर्षांनीं फ्लॉरिडाच्या एका वीजकंपनीनें हेंच शस्त्र उपसलें. १९७८ च्या कायद्यान्वयें केंद्रीय आयोगानें तिचें भाडें दर खांबामागें वर्षास १.७९ डॉलरवर आणलें होतें. या वेळीं न्यायालयानें मालकाचें ऐकलें नाहीं. कारण केबलवाल्यास तिनें आपण होऊन भाडेकरी ठेवलें होतें. घरमालकिणीवर भाडेकरी लादला गेला, कंपनीनें तो बोलावला. हा भेद आम्हांस मोठा मार्मिक वाटतो.

आपल्याकडे २०२२ च्या नियमदुरुस्तीनें रस्त्यावरील खांबावरून तार नेण्याचें शुल्क दर खांबामागें वर्षास १०० रुपये ठरविलें. तें दूरसंचार-परवानाधारकांसाठीं होतें. तरी हिशोबापुरता तोच आंकडा घेऊं. दोन खांबांत ५० मीटर अंतर धरलें, तर एका किलोमीटरास २० खांब होतात. शहरांत तेवढ्या टप्प्यांत १०० घरें जोडलीं गेलीं, तर घरटी वर्षास २० रुपये पडतात. मार्कंड्याच्या पलीकडील रानांत पांच किलोमीटर तार ओढून २५ घरें मिळालीं, तर १०० खांबांचे १०,००० रुपये, म्हणजे घरटी ४००. दर एकच असूनहि ओझें वीसपट झालें! ज्या खेड्यांत शाळेचा वर्ग आणि दवाखान्याचा निरोप आतां तारेवाटे यावयाचा, तेथें तार न जाण्यास एवढें कारण पुरेसें आहे.

यास्तव भाडें खांबामागें न आकारतां जोडलेल्या घरामागें आकारावें, असें आमचें मत आहे. राज्याच्या वीज-नियामक आयोगानें गडचिरोलीपुरता तरी असा दर घालून पाहावा. तूट येईल ती शहरांतील खांबांवर वांटून घेतां येईल.