सात चोविसांश

परवा गावाहून, म्हणजे यवतमाळ जिल्ह्यातून, काकांचा फोन आला. भावकीतल्या वाटणीच्या दाव्याचा निकाल लागला होता. म्हटलं, अरे वा! मग वावर कधी ताब्यात येणार? काका शांतपणे म्हणाले, "आता कुठं हिस्से ठरले बाबू. मोजणी व्हायची हाय ना अजून!"

निकाल लागला आणि जमीन नाही? डोकं चक्रावलं. शनिवार-रविवार यातच गेला.

गोष्ट जुनी आहे. आपला जिल्हा १९०५ पर्यंत वणी जिल्हा म्हणून ओळखला जायचा. वऱ्हाडात इंग्रजांनी मुंबई इलाख्याच्या पद्धतीने शेत न् शेत मोजलं, नंबर दिले, सारा ठरवला. शेताचे तुकडे पडले की साऱ्याचा हिशोबही फुटणार! म्हणून १८८२ च्या दिवाणी संहितेत नियम होता: कोर्टाने फक्त हिस्से ठरवायचे, साऱ्याच्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी कलेक्टरने करायची. १९०८ च्या संहितेत तोच नियम कलम ५४ झाला, आणि आजही आहे. म्हणजे कोर्टातली फाईल मिटली की महसूल खात्यात दुसरी उघडते. मोजणी, सरस-निरस वाटप (विहीर कुणाकडे, नाल्याकाठचं कुणाकडे), हरकती, मग ताबा. घराचं वेगळं. तिथे कोर्ट कमिशनर येतो आणि मग अंतिम हुकूमनामा.

पण पहिला टप्पा तरी झटपट होतो का? सांगलीचा एक गाजलेला खटला बघा, 'गुरुपाद वि. हिराबाई'. नवरा १९६० मध्ये वारला. मागे बायको, दोन मुलगे, तीन मुली. १९६२ मध्ये बायकोने वाटणी मागितली. तिचं गणित असं: नवऱ्याच्या हयातीत वाटणी झाली असती तर नवरा, बायको आणि दोन मुलगे यांना प्रत्येकी पाव. नवऱ्याचा पाव सहा वारसांत गेला, म्हणजे प्रत्येकी १/२४. बायकोचे एकूण १/४ + १/२४ = ७/२४. खालच्या कोर्टाने १९६५ मध्ये दिला फक्त १/२४. सुप्रीम कोर्टाने ७/२४ वर शिक्कामोर्तब केलं, तेव्हा साल होतं १९७८. चौथीतला अपूर्णांक, साडेपंधरा वर्षं!

आणि एवढ्या वर्षांत माणसं थांबतात थोडीच? पक्षकार वारला की ९० दिवसांत त्याचे वारस रेकॉर्डवर आणायचे. एकाचे पाच होतात, पाचांचे वकील वेगळे. तोवर सातबाऱ्यावर सगळ्यांची नावं एकत्र. पीककर्जाला गेलं की बँक इतरांची संमती मागते, आणि ज्यांच्याशी कोर्टात भांडण ते सही कशाला देतील? कोरडवाहू कापसाच्या आपल्या भागात याचा अर्थ सावकाराचं दार, हे वेगळं सांगायला नको.

मात्र एक बाजू मला माहीतच नव्हती. आम्ही भाषेत म्हणतो रिक्वायरमेंट बदलली, तसं मधेच कायदाही बदलतो. महाराष्ट्राने १९९४ मध्ये तोवर लग्न न झालेल्या मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतका हक्क दिला. २००५ मध्ये केंद्राने लग्न झालेल्यांनाही दिला. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं, की प्राथमिक हुकूमनामा झाला तरी वाटणी अंतिम झालेली नसेल तर मुलींचे हिस्से नव्याने धरा. आमच्या दाव्यात आत्याच्या नावावर आधी एक चतकोर तुकडा होता. आता भावांइतका हिस्सा आहे. दावा वेळेत संपला असता तर मिळाला नसता!

पण म्हणून उशिराचं कौतुक नको. हक्क कायद्याने दिला, रेंगाळलेल्या खटल्याने नाही. २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने बजावलंय, की हिस्से ठरल्यावर कुणाच्या नव्या अर्जाची वाट न बघता कोर्टांनी अंतिम हुकूमनाम्यासाठी पुढची तारीख लावावी. साऱ्याच्या जमिनीची फाईल मात्र अजून त्या जुन्या वाटेनेच जाते. साऱ्याची काळजी करणारं सरकार जाऊन पाऊणशे वर्षं झाली...

असो. काकांना विचारलं, आत्याला कळवलं का? म्हणाले, "मोजणी झाल्यावर सांगू. उगाच आस लागून राह्यते."

आत्या ७९ वर्षांची आहे. मी आत्ताच फोन लावतोय.