दादासाहेब फाळके : संकलक या नात्याने

धुंडिराज गोविंद फाळके (१८७०–१९४४) यांचा उल्लेख चित्रपटाच्या इतिहासात निर्माता व दिग्दर्शक म्हणून होतो. संकलक म्हणून क्वचितच होतो. मूकपटाच्या आरंभकाळी संकलन हा स्वतंत्र व्यवसाय झालेला नव्हता, आणि जो चित्रण करी तोच बहुधा फीत धुऊन, कापून, जोडून घेई. तथापि त्यांच्या कारकिर्दीचे सलग सूत्र शोधावयाचे झाल्यास ते कथानकांपेक्षा या कापण्या-जोडण्यातच अधिक सापडते. कारण अनुबोधपट आणि पौराणिक कथापट हे दोन्ही त्यांच्याकडे एकाच मेजावर तयार होत होते.

त्यांची पहिली कृती कथापट नव्हती. १९१२ च्या आरंभी लंडनला जाऊन, सेसिल हेपवर्थ यांच्या चित्रशाळेतील काम पाहून ते विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले आणि भांडवलदारांची खात्री पटविण्यासाठी त्यांनी कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची वाढ टिपली. ठराविक अंतराने थोडथोड्या चौकटी घेतल्यामुळे अनेक दिवसांची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसू लागली. येथे काळाचे संकलन कॅमेऱ्यातच झाले. ‘राजा हरिश्चंद्र’च्या उपलब्ध रिळांतील देवाचे प्रकटन याच तत्त्वावर उभे आहे : कॅमेरा थांबवावयाचा, दृश्यात पालट करावयाचा, पुन्हा चालू करावयाचा. अंकुर आणि देव यांची उगवण एकाच युक्तीची आहे, हे ध्यानात घेतले म्हणजे फाळक्यांना केवळ चमत्कारपटांचे कर्ते म्हणणे अपुरे वाटते.

‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) ही जवळीक अधिक स्पष्ट आहे. आरंभी फाळक्यांची कन्या मंदाकिनी हिच्या चेहऱ्यावरील भावांचे दर्शन घडते. तो जवळजवळ अनुबोधपटच होय. कृष्णाच्या वेषात ती त्यानंतर येते. पुढे डोहातील झुंज आणि काठावरील व्याकूळ गोकुळवासी यांचे तुकडे आलटून पालटून येतात. ही कॅमेऱ्यातील युक्ती नव्हे; कात्रीचे काम आहे.

‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटात फाळक्यांनी आपला कारखानाच पडद्यावर मांडला. मात्र सरस्वतीबाईंच्या श्रमांची नोंद श्रेयनामावलीत सापडत नाही. कच्च्या फितीला अंधारात छिद्रे पाडणे, ती धुणे, जुळणीस हातभार लावणे ही कामे त्यांनी घर आणि कंपनीचा स्वयंपाक सांभाळून केली. पहिल्या संकलकांची यादी करावयाची तर त्यांचे नाव वगळणे अन्यायाचे ठरेल.

‘राजा हरिश्चंद्र’ सर्वसामान्य प्रेक्षकांसाठी प्रदर्शित झाला तेव्हा (कॉरोनेशन, मुंबई, ३ मे १९१३) तो चार रिळांचा, सुमारे ३,७०० फूट होता. त्यांपैकी पहिले आणि चौथे रीळ पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने (स्थापना १९६४) जतन केले. अलीकडच्या काही अभ्यासकांच्या मते ही रिळे १९१३ च्या चित्रपटाची नसून १९१७ मध्ये फाळक्यांनी पुन्हा केलेल्या चित्रपटाची आहेत. हे मत ग्राह्य धरल्यास १९१३ च्या संकलनाविषयी आजवर काढलेले बहुतेक निष्कर्ष, वर सांगितलेल्या देवाच्या प्रकटनासह, चार वर्षे पुढे न्यावे लागतील, आणि वाटाण्याच्या रोपापासून हरिश्चंद्रापर्यंतचे अंतर त्या प्रमाणात वाढेल.