नदीच्या शुद्धतेचे माप : एक ऐतिहासिक टिपण

१८५८ च्या उन्हाळ्यात थेम्सच्या दुर्गंधीने ब्रिटिश पार्लमेंटचे सभासद हैराण झाले, तेव्हा नदीच्या मलिनतेचे माप मुख्यतः नाक हेच होते. पुढे एडवर्ड फ्रँकलंड या रसायनशास्त्रज्ञाने पाण्यातील नत्रसंयुगांवरून त्यात पूर्वी किती मैला मिसळला असावा, याचा हिशेब मांडला. हे माप पाण्याच्या पूर्वेतिहासाचे होते. १८९८ मध्ये नेमलेल्या सांडपाणीविषयक रॉयल कमिशनने प्रश्नच बदलला. सांडपाण्यातील सेंद्रिय द्रव्य कुजविताना सूक्ष्मजंतू किती प्राणवायू वापरतात, हे मोजावयाचे ठरले. कमिशनच्या १९१२ च्या आठव्या अहवालाने त्यासाठी ६५ अंश फॅरनहाइट तापमान व पाच दिवसांची मुदत घेतली. नदीत पुरेसे पाणी असल्यास, सांडपाण्याच्या दशलक्ष भागांस २० भाग प्राणवायू ही मर्यादा सुचविली.

हे आकडे निसर्गाने दिलेले नव्हेत. ते एका देशाच्या हवामानाला धरून ठरविलेले होते. भारतात पुढे २७ अंश सेल्सिअस व तीन दिवस ही कसोटी रूढ झाली, ती येथील उष्ण हवामानास अनुसरूनच.

या मापाची मर्यादाही ध्यानी घेतली पाहिजे. विषारी धातूंनी सूक्ष्मजंतूच मेले, तर प्राणवायूचा खप घटतो आणि मृतप्राय पाणी कागदावर शुद्ध ठरते. म्हणून जुन्या नोंदींतील आकडा प्रमाण मानण्यापूर्वी तो कोणत्या प्रश्नाचे उत्तर आहे, हे अभ्यासकाने प्रथम पाहणे अगत्याचे आहे.