बर्फावरची मिरवणूक

उठा, ऑर्गन वाजतोय. तुम्ही झोपलात तिथून चार पावलांवर, जहाजाच्या दिवाणखान्यात कुणीतरी सणाची धून धरली आहे. आता कूस बदलून उपयोग नाही. घड्याळ सकाळ दाखवतंय, पण बाहेर काल मध्यरात्रीही असंच ऊन होतं. आज १७ मे १८९४, नॉर्वेच्या राज्यघटनेचा दिवस. घरी असता तर नवे कपडे घालून मिरवणुकीला निघाला असता. पण तुम्ही आर्क्टिक समुद्रात, ८१ अंश उत्तरेच्या आसपास, बर्फाने घट्ट धरून ठेवलेल्या ‘फ्राम’वर आहात. जहाजावर तेरा माणसं. तुम्ही चौदावे.

आधी वास घ्या. कॉफीचा, मग ओल्या लोकरीचा, डांबराचा आणि न धुतलेल्या माणसांचा. भिंतीला हात लावून बघा. डांबर लावलेला नमदा, बूच, लाकडी फळ्या, पुन्हा नमदा, त्यावर लिनोलियम आणि मग आतलं लाकडी आवरण, असे थरावर थर आहेत. म्हणून आत बनियनवर बसता येतं. तंबाखू ओढायची असेल तर एरवी स्वयंपाकघरात जावं लागतं. सणाच्या दिवशी मात्र खाली बसूनच धूर काढायची मुभा आहे.

तेवढ्यात जहाज कण्हतं. घाबरू नका. बर्फाच्या लाद्या एकमेकींवर चढतात तेव्हा आधी लांबून कुंथल्यासारखा आवाज येतो, तो जवळ येत वाढतो आणि मग सगळं लाकूड थरथरतं. दुसऱ्या कुठल्याही जहाजाच्या फळ्या फुटल्या असत्या. हे जहाज बांधणाऱ्या कोलिन आर्चरने याचं पोट गोल ठेवलंय. बर्फाने आवळलं की ‘फ्राम’ त्याच्या मिठीतून निसटून वर उचललं जातं. अडकायचं हे ठरवूनच इथे आलेत सगळे! सायबेरियापलीकडे चिरडलेल्या ‘जानेत’ जहाजाच्या वस्तू, त्यांत एका खलाशाची मेणकापडी विजारसुद्धा, तीन वर्षांनी ग्रीनलंडच्या किनाऱ्याला लागल्या. बर्फ विजार वाहून नेऊ शकतो तर जहाजही नेईल, असं फ्रित्जॉफ नान्सेनने मनाशी धरलं. अनेक जाणत्यांनी त्याला वेड्यात काढलं.

चला, नाश्ता उरका आणि छातीवर रिबिनीचा फुलोरा लावा. आज सगळ्यांनी लावलाय. सुग्गेन नावाच्या म्हाताऱ्या कुत्र्याच्या शेपटीलाही एक बांधलाय. आता शिडीने बर्फावर उतरा. थंडी नाकपुड्यांत टोचते, ऊन डोळ्यांत घुसतं, बुटाखाली बर्फ करकरतो. कुत्र्यांचा कालवा आणि त्यांचा उग्र वास तर विचारूच नका.

अकराच्या सुमाराला मिरवणूक लागते. पुढे नान्सेन. त्याच्या हातात नॉर्वेचा निखळ झेंडा आहे, स्वीडनबरोबरच्या जोडराज्याची खूण नसलेला. मागे कप्तान स्वेर्द्रुप, जहाजाचं लांबलचक लाल निशाण घेऊन. मग कुत्र्यांच्या घसरगाडीवर बँड. म्हणजे अ‍ॅकॉर्डियन घेतलेला एकटा योहानसेन, आणि गाडी हाकायला मोग्स्टाड. मग बंदुका आणि हार्पून. मग डॉक्टर ब्लेसिंग. त्याच्याकडे नीट बघा. सगळे ठणठणीत असल्याने बिचाऱ्याला रोगी मिळत नाहीत. त्याने लांब काठीवर लोकरीचं जर्सी बनियन चढवून फलक केलाय आणि छातीवर दोन अक्षरं घातलीत. मागणी आहे कामाचे तास ठरवून देण्याची! स्वयंपाकी युएल पाठीवर पातेलं बांधून चाललाय. हवामान मोजणारे पत्र्याची मोठी ढाल मिरवत येतात. तिच्यावरच्या लाल पट्टीचं म्हणणं, सर्वांना मताचा हक्क हवा.

इथे जरा थांबा. ध्रुवावरच्या वीरांच्या गोष्टी आपण दाढीत गोठलेल्या बर्फाच्या आणि भुकेच्या ऐकतो. मला त्यांच्याहून हे बनियन मोलाचं वाटतं. मैलोन्‌मैल दुसरं माणूस नाही, फलक वाचायला कुणी नाही, तरी या माणसांनी आपल्या गावची मिरवणूक तिच्या मागण्यांसकट इथे उभी केली. देश बरोबर न्यायचा म्हणजे काय, ते या काठीवर दिसतं.

चला, रांग तोडू नका. जहाजाला दोन फेऱ्या, मग मोठ्या हिमउंचवट्यापर्यंत. तिथे ‘फ्राम’चा जयजयकार करा, घसा बसेपर्यंत. परत आल्यावर भाषण, आणि मग तोफांची सलामी. कानठळ्या बसतात. आतापर्यंत शहाण्यासारखी चाललेली पाचसहा कुत्री उधळून बर्फाच्या ढिगांआड जातात आणि काही तास तोंड दाखवत नाहीत.

जेवायला चला. खिमा केलेला मासा आणि करीतले शेवंडे, वर वितळलेलं लोणी. मग संगीत. डुकराच्या मांसाचे कटलेट, मटार, बटाटे आणि सोबत आंब्याची चटणी. हो, आंब्याचीच; ध्रुवाच्या वाटेवर. पुन्हा संगीत. मग जर्दाळू, कस्टर्ड, साय. पोटांना तडस लागली की एक डुलकी, मग कॉफी, अंजीर, केक. संध्याकाळी मोग्स्टाड व्हायोलिन काढतो. बाकावर तुमच्याशेजारी बसलेला बेन्ट्सेन ट्रॉम्सोला साडेआठ वाजता नान्सेनशी बोलायला म्हणून आला होता आणि दहा वाजता जहाजाबरोबर निघालासुद्धा. त्याला वेळ घालवायचा पुरेपूर सराव आहे; त्याच्याजवळच बसा.

आता एक उडी मारू या. ९ सप्टेंबर १८९६, नॉर्वेच्या राजधानीचा, क्रिस्तियानियाचा, धक्का. मधल्या काळात नान्सेन आणि योहानसेन जहाज सोडून ध्रुवाकडे गेले, ८६ अंश १४ मिनिटांवरून मागे फिरले आणि दगडांच्या खोपटात, वॉलरसच्या कातड्याखाली, अस्वलाचं मांस खात त्यांनी हिवाळा काढला. हे दोघे वार्डो बंदराला लागले त्याच दिवशी ‘फ्राम’ बर्फातून मोकळं झालं. आज तेराच्या तेरा जण परत आलेत.

तुम्ही मात्र गर्दीत चेंगरताय. कुणाची छत्री बरगडीत, कुणाचं पोर खांद्यावर. कोळशाचा धूर, मासळी, घाम, नव्या सुती झेंड्यांचा वास. खाडी होड्यांनी भरली आहे. आकेर्सहुस किल्ल्याच्या तोफा सुटतात आणि तुम्ही सवयीने कुत्र्यांकडे बघता. इथे कुत्री नाहीत. लोंढा तुम्हाला कार्ल योहान रस्त्याकडे ढकलतो. तिथे व्यायामपटूंनी एकमेकांच्या खांद्यांवर चढून आपल्या देहांची कमान केली आहे. तिच्याखालून मोहिमेतल्या सगळ्यांच्या गाड्या राजवाड्याकडे जाणार. योहानसेन स्वतः पट्टीचा व्यायामपटू. मोहिमेत दुसरी जागा नव्हती म्हणून तो भट्टीत कोळसा टाकणारा म्हणून गेला होता.

पुढे सरका, टाचा उंच करा. गाडी येतेय. शेजारची बाई विचारते, ते इतकी वर्षं तिकडे खात काय होते हो? सांगा तिला. सगळं सांगा, चटणीसकट, आणि डॉक्टरचं बनियन विसरू नका.