जात्यावरचा इतिहास

इतिहास म्हटला की आपल्याला गड आठवतात, लढाया आठवतात, राजांच्या सनावळ्या आठवतात. पण मंडळी, लढाईवर निघालेल्या मावळ्याच्या फडक्यात जी भाकरी बांधली होती, तिचे पीठ कोणी दळले, याचा विचार आपण कधी केला आहे काय?

जुन्या घरात दिवस जात्यापाशी उजाडे. कोंबडा आरवायच्या आत सासूसुना, जावाजावा उठत. जात्याची खालची तळी स्थिर, वरची फिरती. मधल्या तोंडात मुठीने वैरण घालायची आणि खुंटा धरून ओढायचे. दोघी समोरासमोर बसल्या म्हणजे भार हलका होई. बाजरीचे पीठ लवकर कडवट होते, त्यामुळे साठवून भागत नसे. दळण चुकायचे नाही!

या कष्टांच्या सोबतीला ओवी होती. ती किती जुनी? कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने ११२९ च्या सुमारास ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ रचला. महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओवी गातात, अशी नोंद त्यात आहे. ज्ञानेश्वरी झाली १२९० साली. म्हणजे त्याच्याही दीडशे वर्षे आधी ओवी उखळापाशी नांदत होती!

ओवीत बाई काय सांगे? माहेरची वाट, भावाचे कौतुक, सासुरवास, पंढरीचा विठोबा. चारचौघांत जे बोलायची सोय नव्हती, ते ती जात्याला सांगे. म्हणून ओवी हे नुसते गाणे नव्हे, तो घराचा दस्तऐवज आहे.

पुढे गावोगाव पिठाची गिरणी आली. हातांचे घट्टे गेले, पहाटेची झोप मिळाली. हे चांगलेच झाले. जाती पुन्हा मांडा असे कोण म्हणेल? पण दळण गिरणीत गेले, ओवी काही गिरणीत गेली नाही. ती म्हाताऱ्यांच्या ओठांवर राहिली.

साने गुरुजींनी ‘स्त्रीजीवन’मध्ये अशा ओव्या गोळा केल्या. पुढे हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हाँ यांनी सहकाऱ्यांसह खेडोपाडी हिंडून एक लाखाहून अधिक ओव्या जमविल्या. २०१७ पासून त्या ‘पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया’ या संकेतस्थळावर प्रसिद्ध होऊ लागल्या.

गुरुजी, हे काम आपल्या शाळेतही होण्यासारखे आहे. मुलांना सांगा, आजीपाशी बसा, ओवी उतरून घ्या. खाली आजीचे नाव लिहा, गाव लिहा. आणि एवढे पाहा, की तिचा शब्द ‘शुद्ध’ करू नका. ती जशी बोलली, तसाच तो इतिहास आहे.