विष्णुपंत दामले : कारागिरीतून दिग्दर्शनाकडे

मराठी बोलपटाचा इतिहास बहुधा दिग्दर्शकांच्या नावांनी सांगितला जातो. 'प्रभात'चा विषय निघाला म्हणजे व्ही. शांताराम यांचे नाव ओघानेच येते. ध्वनी व नेपथ्य सांभाळणाऱ्यांची एका ओळीत बोळवण होते. विष्णुपंत गोविंद दामले (१८९२–१९४५) यांची कारकीर्द पाहता ही रीत अपुरी आहे, असेच म्हणावे लागते.

दामले मूळचे पेणचे. कोल्हापुरात आनंदराव व बाबूराव पेंटर या बंधूंच्या हाताखाली नाटकांचे पडदे रंगविता रंगविता त्यांचा यंत्रविद्येशी परिचय झाला. आनंदरावांच्या निधनानंतर १९१८ च्या सुमारास बाबूरावांनी स्वतःचा कॅमेरा सिद्ध केला, त्या खटाटोपात दामले त्यांचे साहाय्यक होते. पुढे महाराष्ट्र फिल्म कंपनीत फत्तेलाल यांच्यासह 'महारथी कर्ण' (१९२८) हा मूकपट त्यांनी दिग्दर्शित केला. १९२९ मध्ये 'प्रभात'ची स्थापना करणाऱ्या भागीदारांत हे दोघेही होते. तेथे दिग्दर्शनाची धुरा मुख्यत्वे शांतारामांकडे गेली. फत्तेलालांनी कलाविभाग पाहिला आणि 'अयोध्येचा राजा' (१९३२) पासून दामल्यांनी ध्वनिमुद्रण. याला पदावनती मानणे चुकीचे होईल. बोलपटाच्या आरंभकाळात नटाचे स्थान आणि हालचाल मायक्रोफोनच्या कक्षेवर अवलंबून असे. सबब ध्वनिमुद्रक प्रसंगाच्या रचनेतही सहभागी होई.

या अनुभवाचे फळ 'संत तुकाराम' (१९३६) मध्ये दिसते. दिग्दर्शन दामले–फत्तेलालांचे, कथा-संवाद शिवराम वाशीकरांचे. विष्णुपंत पागनीसांची गायनप्रधान सौम्य वाणी आणि गौरीने साकारलेल्या जिजाईची खडी, संसारी बोली यांच्या झगड्यावर सारा चित्रपट उभा आहे. चमत्काराच्या दृश्यांहूनही भाषेचा हा विरोध अधिक टिकाऊ ठरला. (शांताराम आठवल्यांनी या चित्रपटासाठी रचलेले एक पद जाणकारांनाही तुकोबांचेच वाटले, हे येथे लक्षात घेण्याजोगे.) बोलण्याचा पोत कानाने पारखण्याची सवय दामल्यांना ध्वनिविभागातच जडली असावी, असे अनुमान करावयास जागा आहे.

१९३७ मध्ये हा चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला. त्यानंतर या जोडीने 'गोपालकृष्ण' (१९३८) व 'संत ज्ञानेश्वर' (१९४०) दिले. 'संत सखू' (१९४१) मध्ये राजा नेने यांचाही सहभाग होता. १९४२ मध्ये शांतारामांनी 'प्रभात' सोडली. दामले १९४५ मध्ये वारले. पुण्यातील त्या चित्रशाळेच्या आवारात १९६० मध्ये चित्रपट प्रशिक्षण संस्था सुरू झाली आणि दिग्दर्शन, छायालेखन व ध्वनिमुद्रण हे तेथे निरनिराळे अभ्यासक्रम झाले.